दामले, विष्णुपंत गोविंद

(१४ ऑक्टोबर १८९२ – ५ जुलै १९४५). मराठी मूकपट व बोलपट या दोन्ही कालखंडांतील एक अग्रगण्य तंत्रज्ञ, ध्वनिमुद्रक व दिग्दर्शक; प्रभात फिल्म कंपनीच्या पाच संस्थापक भागीदारांपैकी एक. संत तुकाराम (१९३६) या चित्रपटाचे शेख फत्तेलाल यांच्यासमवेत केलेले दिग्दर्शन ही त्यांची सर्वश्रेष्ठ कामगिरी समजली जाते. तथापि दिग्दर्शक हा त्यांच्या व्यवसायाचा केवळ एक भाग होता. पडदे रंगविणे, कॅमेरा जुळविणे, फीत धुणे, ध्वनी मुद्रित करणे आणि स्टुडिओ चालविणे ही चित्रपटनिर्मितीची जवळजवळ सर्व अंगे त्यांनी प्रत्यक्ष हाताने हाताळली होती. चित्रपटाचे श्रेय एकट्या दिग्दर्शकास देण्याची जी प्रथा पुढे रूढ झाली, तिच्यामुळे दामल्यांचे कार्य काहीसे झाकोळले गेले. वास्तविक मराठी चित्रपट कारखान्यातून कलेकडे कसा गेला, हे समजण्यास त्यांच्याइतके बोलके दुसरे चरित्र क्वचितच आढळेल.

पूर्वपीठिका : दामल्यांचा जन्म तत्कालीन कुलाबा (आताच्या रायगड) जिल्ह्यातील पेण येथे झाला. चित्रकलेच्या ओढीने ते कोल्हापूरला आले व आनंदराव आणि बाबूराव मेस्त्री या चुलतबंधूंच्या हाताखाली काम शिकू लागले. हे दोघे बंधू पुढे ‘पेंटर’ या नावानेच ओळखले गेले. राजर्षी शाहू महाराजांच्या कारकीर्दीत कोल्हापूर हे संगीत, नाट्य, मल्लविद्या व चित्रकला यांचे मोठे केंद्र बनले होते. संगीत नाटक मंडळ्यांना राजवाडे, अरण्ये, मार्ग इत्यादींचे भव्य रंगीत पडदे लागत आणि ते पुरविण्यात पेंटर बंधूंचा हातखंडा होता. या पडद्यांवर सपाट कापडात खोली भासवावी लागे, तसेच दिव्यांच्या उजेडात रंग कसा दिसेल याचा आधीच अंदाज बांधावा लागे. रंगमंचाच्या या विद्येतूनच कोल्हापूरच्या चित्रपटकर्त्यांची पहिली पिढी घडली. दामले, फत्तेलाल आणि बाबूराव पेंटर हे तिघेही प्रथम पडद्याचे कारागीर होते व नंतर चित्रपटकर्ते झाले.

दादासाहेब फाळके यांचा राजा हरिश्चंद्र हा मूकपट १९१३ मध्ये प्रदर्शित झाला. त्यानंतर स्वतःचा चित्रपट काढण्याच्या कल्पनेने पेंटर बंधूंना झपाटले. परंतु परदेशी कॅमेरा विकत घेण्याइतके भांडवल त्यांच्याजवळ नव्हते. म्हणून कॅमेरा कोल्हापुरातच तयार करावा असे त्यांनी ठरविले. हे काम पुरे होण्यापूर्वीच १९१६ मध्ये आनंदरावांचे निधन झाले. त्यानंतर बाबूरावांनी ते नेटाने पुढे चालविले आणि १९१८ च्या सुमारास कॅमेरा सिद्ध केला. या कामी त्यांचे प्रमुख साहाय्यक दामले होते.

या घटनेचे महत्त्व केवळ स्वदेशीच्या अभिमानापुरते नाही. चित्रपटाच्या कॅमेऱ्यात फीत एकसारखी सरकत नाही. ती चौकटीसमोर क्षणभर थांबते, प्रकाश घेते व झडप मिटलेली असताना पुढे ओढली जाते. सेकंदाला सुमारे सोळा वेळा घडणारी ही क्रिया किंचितही चुकली, तर पडद्यावरील चित्र थरथरते. ज्याने ही यंत्रणा कानस व कातयंत्र यांच्या साहाय्याने स्वतः जुळविली, त्याला कॅमेऱ्याची शक्ती व मर्यादा दोन्ही नेमक्या कळलेल्या असतात. दामल्यांचे चित्रपटशिक्षण अशा रीतीने यंत्राच्या पोटातून सुरू झाले.

महाराष्ट्र फिल्म कंपनी : बाबूराव पेंटर यांनी १९१७–१८ च्या सुमारास कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी स्थापन केली. तिच्या उभारणीस तानीबाई कागलकर यांचे आर्थिक साहाय्य लाभले. कंपनीचा सैरंध्री हा पहिला मूकपट १९२० मध्ये पुण्याच्या आर्यन चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. त्यात गुलाबबाई (कमलादेवी) व अनसूयाबाई (सुशीलादेवी) यांनी स्त्रीभूमिका केल्या. पुरुषांनी स्त्रीपात्रे रंगविण्याचा प्रघात असलेल्या त्या काळात ही मोठी गोष्ट होती. हा चित्रपट पाहून लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. पुढे सिंहगड (१९२३) मध्ये कृत्रिम प्रकाशाचा उपयोग करण्यात आला, तर सावकारी पाश (१९२५) मध्ये कर्जाने नागवल्या जाणाऱ्या शेतकऱ्याचे वास्तव चित्र प्रथमच पडद्यावर आले.

या काळात दामल्यांनी छायालेखन, नेपथ्य व रसायनशाळा अशा विविध विभागांत काम केले. रसायनशाळेतील काम प्रेक्षकांच्या दृष्टीस कधीच पडत नाही. परंतु मूकपटाच्या काळात चित्रपटाचे भवितव्य बव्हंशी तेथेच ठरे. चित्रित केलेली फीत लाकडी चौकटींवर गुंडाळून औषधात बुडवीत. द्रावणाचे तापमान आणि बुडविण्याचा अवधी यांवर चित्राचा उजळपणा व गडदपणा अवलंबून असे. उष्ण हवेत द्रावण लवकर तापे व फीत बिघडण्याचे भय असे. परदेशातून मागविलेली फीत महाग असल्याने प्रत्येक चूक कंपनीच्या तिजोरीवर पडे. काटकसर, स्वच्छता आणि वेळेचे काटेकोर भान हे दामल्यांच्या स्वभावाचे विशेष याच शिस्तीत मुरले.

येथेच त्यांची फत्तेलाल यांच्याशी जन्माची जोडी जमली. कागल येथील शेख फत्तेलाल (१८८६–१९६४) हे रंगरेषेचे जाणकार, तर दामले हे यंत्र व रसायन यांचे. सहकारी त्यांना अनुक्रमे ‘साहेबमामा’ व ‘दामलेमामा’ म्हणत. या जोडीने १९२८ मध्ये महारथी कर्ण हा मूकपट दिग्दर्शित केला. त्याच्या आदल्या वर्षी याच कंपनीत व्ही. शांताराम यांनी नेताजी पालकर (१९२७) द्वारा दिग्दर्शनात पदार्पण केले होते. गुरूच्या शाळेतून शिष्यांची पिढी अशा प्रकारे स्वतंत्र होऊ लागली होती.

प्रभातची स्थापना : १ जून १९२९ रोजी दामले, फत्तेलाल, शांताराम, केशवराव धायबर व सीताराम कुलकर्णी या पाच भागीदारांनी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना केली. यांपैकी चौघे महाराष्ट्र फिल्म कंपनीत तयार झालेले होते. कुलकर्णी यांनी भांडवलाची बाजू सांभाळली. प्रमुख सहकारी बाहेर पडल्यामुळे महाराष्ट्र फिल्म कंपनी दुबळी झाली व काही वर्षांतच बंद पडली. बाबूरावांच्या दृष्टीने ही घटना क्लेशदायक होती. परंतु त्यांनी लावलेल्या शिस्तीचाच विस्तार प्रभातने केला, हेही तितकेच खरे आहे.

नव्या कंपनीची रचना ध्यानात घेण्यासारखी होती. दिग्दर्शन प्रामुख्याने शांताराम यांच्याकडे, कलादिग्दर्शन फत्तेलाल यांच्याकडे, छायालेखन धायबर यांच्याकडे, तर रसायनशाळा व पुढे ध्वनी हे विभाग दामल्यांकडे, अशी साधारण वाटणी होती. मालक हेच कामगार असल्यामुळे प्रत्येक विभागावर त्या विद्येतील जाणत्याचा हात राहिला. गोपालकृष्ण (१९२९) हा प्रभातचा पहिला मूकपट. त्यानंतर आलेल्या मूकपटांपैकी शिवचरित्रावरील उदयकाल (१९३०) विशेष गाजला. त्याचे मूळ नाव ‘स्वराज्याचे तोरण’ असे होते. ब्रिटिश अभ्यवेक्षकांच्या आक्षेपामुळे ते बदलावे लागले.

ध्वनीचे आगमन : १४ मार्च १९३१ रोजी मुंबईत आलम आरा हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला आणि देशातील मूकपट कंपन्यांपुढे जीवनमरणाचा प्रश्न उभा राहिला. ज्या कंपन्यांना ध्वनियंत्र घेणे वा चालविणे जमले नाही, त्या लयास गेल्या. प्रभातने ध्वनियंत्र आणले व ते समजून घेण्याची जबाबदारी दामल्यांवर आली. त्यावेळी त्यांचे वय चाळिशीला टेकले होते आणि या शास्त्राचे कोणतेही विधिवत शिक्षण त्यांनी घेतलेले नव्हते.

प्रकाशपद्धतीच्या ध्वनिमुद्रणात मायक्रोफोनने टिपलेल्या ध्वनीचे विद्युत् प्रवाहात आणि त्या प्रवाहाचे प्रकाशाच्या कमीअधिक मात्रेत रूपांतर होते. हा प्रकाश फितीच्या कडेला पट्ट्याच्या रूपाने उमटतो. म्हणजे ध्वनी हाही अखेर छायाचित्रच असतो व त्याची स्पष्टता फीत धुण्याच्या क्रियेवर अवलंबून राहते. सोळा चित्रांच्या जागी आता सेकंदाला चोवीस चित्रांचा अचूक वेग आवश्यक झाला. रसायनशाळेत ज्याचा हात बसला होता, त्या दामल्यांना हे नवे शास्त्र परके वाटले नाही, याचे कारण येथे सापडते. मूकपटातील अनेक तंत्रज्ञ ध्वनीच्या आगमनाने मागे पडले. दामल्यांना मात्र त्यांच्या जुन्या विद्येनेच नव्या युगात प्रवेश मिळवून दिला.

शांताराम दिग्दर्शित अयोध्येचा राजा (१९३२) हा प्रभातचा पहिला बोलपट मराठी व हिंदी अशा दोन भाषांत तयार झाला. गोविंदराव टेंबे व दुर्गा खोटे यांच्या त्यात प्रमुख भूमिका होत्या. पार्श्वगायनाची पद्धती तेव्हा रूढ नव्हती. नटाने कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष गावयाचे, वादकांनी चौकटीबाहेर बसून साथ करावयाची आणि हे सर्व एकाच वेळी मुद्रित व्हावयाचे, अशी रीत होती. नट वळला तर आवाज दूर जाई, कॅमेऱ्याची घरघर आत शिरे, भिंतींवरून प्रतिध्वनी येई. या अडचणींमुळे अनेक आरंभीच्या बोलपटांत पात्रे मायक्रोफोनच्या भोवती खिळल्यासारखी उभी राहिलेली दिसतात. अयोध्येचा राजामधील संवाद व गाणी त्या मानाने स्वच्छ ऐकू येतात. या यशातील दामल्यांचा वाटा दिग्दर्शक व नटवर्ग यांच्याइतकाच मोलाचा आहे.

याच सुमारास रंगीत चित्रपटाचाही एक प्रयत्न झाला. सैरंध्री (१९३३) या बोलपटाच्या रंगीत प्रती जर्मनीत तयार करून घेण्यात आल्या; परंतु रंग अपेक्षेप्रमाणे उतरले नाहीत व हा प्रयोग फसला. प्रक्रिया दूरदेशी व परहाती गेल्यास काय होते, याचा हा अनुभव होता. सर्व विभाग एका छत्राखाली आणि आपल्या देखरेखीखाली असावेत, या प्रभातच्या धोरणाची सार्थता त्यातून पटते.

पुणे येथील स्टुडिओ : १९३३ मध्ये प्रभात कंपनी कोल्हापूर सोडून पुण्यास एरंडवणे परिसरात आली. तेथे उभारलेला चित्रीकरणाचा मुख्य मजला त्या काळच्या देशातील अतिभव्य मजल्यांत गणला जाई. रसायनशाळा, ध्वनिविभाग, संकलनकक्ष, सुतारशाळा, वेशभूषागृह, बाह्यचित्रणासाठी मोकळी जागा व तळे अशा सर्व सोयी एकाच आवारात करण्यात आल्या. नटनटी, वादक व तंत्रज्ञ हे मासिक वेतनावर नेमलेले असत. कामाच्या वेळा ठरलेल्या असत व त्या पाळण्याबाबत मोठ्या नटालाही सवलत नसे. प्रभातच्या चित्रपटांचा एकजिनसीपणा याच व्यवस्थेतून निर्माण झाला. तुतारी फुंकणाऱ्या स्त्रीची प्रभातची मुद्रा पडद्यावर येताच प्रेक्षकांना विशिष्ट दर्जाची हमी वाटे. ती हमी कोणा एका नटाच्या नावाची नसून एका कार्यशाळेची होती. या कार्यशाळेचा दैनंदिन व्यवहार सुरळीत ठेवण्यात दामल्यांचा मोठा हात होता.

संत तुकाराम : अमृतमंथन (१९३४), धर्मात्मा (१९३५) व अमरज्योती (१९३६) या शांताराम यांच्या चित्रपटांनी प्रभातला भव्यता, नाट्यमयता व सामाजिक आशय यांसाठी कीर्ती मिळवून दिली होती. धर्मात्मा या एकनाथचरित्रावरील चित्रपटात बालगंधर्वांसारखा अद्वितीय गायकनट होता. अशा वेळी दामले व फत्तेलाल यांनी तुकारामांच्या जीवनावरील चित्रपट हाती घेतला, तो अगदी निराळ्या वाटेने. पटकथा शिवराम वाशीकर यांची आणि संगीत केशवराव भोळे यांचे होते. शांताराम आठवले यांनी काही रचना केल्या. तुकारामांच्या धाटणीत उतरलेली आठवल्यांची एक रचना तर तुकारामांचीच आहे, असा अनेकांचा समज झाला. तुकारामांच्या भूमिकेसाठी विष्णुपंत पागनीस यांची निवड झाली. रंगभूमीवर ते स्त्रीभूमिकांसाठी ओळखले जात. पत्नी जिजाईची (आवलीची) भूमिका गौरी यांना देण्यात आली. त्या मूळच्या स्टुडिओतील साध्या कामांतून वर आलेल्या कलावती होत्या.

कथानकाची उभारणी सोपी आहे. कीर्तनावर उपजीविका करणारा सालोमालो तुकारामांच्या अभंगांवर स्वतःचे नाव घालतो व त्यांच्याविरुद्ध कारस्थाने रचतो. रामेश्वरशास्त्री अभंगांच्या वह्या इंद्रायणीत बुडविण्याची आज्ञा करतात. त्या पुन्हा वर येतात. शिवाजी महाराजांचा नजराणा तुकाराम परत पाठवितात आणि अखेरीस त्यांचे वैकुंठगमन होते. परंतु चित्रपटाचे मर्म या घटनांपेक्षा घरातील नित्याच्या झगड्यात आहे. घरात दाणा नाही, मूल आजारी आहे आणि नवरा देवाच्या नादात आहे. अशा स्थितीत संतापलेली जिजाई पायातील वहाण हाती घेऊन थेट देवळात विठोबाला जाब विचारते. संतचरित्रात सामान्यतः कजाग म्हणून रंगविली जाणारी ही स्त्री येथे संसाराची न्याय्य बाजू मांडते. तुकारामांची भक्ती आणि जिजाईची भूक यांपैकी कोणतीही एक बाजू दिग्दर्शकांनी खोटी पाडलेली नाही. वैकुंठाला निघालेल्या पतीबरोबर जाण्याऐवजी मुलाबाळांसाठी मागे राहणारी जिजाई प्रेक्षकांच्या मनात तुकारामांइतकीच घर करून राहते.

या चित्रपटाची सहजता साधेपणातून आली, असे वरवर पाहता वाटते. वस्तुतः ती कमालीच्या तांत्रिक संयमाचे फळ आहे. पागनीसांचे गायन रंगभूमीवरील तानबाजीपासून दूर ठेवण्यात आले. अभंग हे बैठकीतील गाणे म्हणून न येता काम करणाऱ्या, चालणाऱ्या, मुलांशी बोलणाऱ्या माणसाच्या तोंडून बोलण्यातूनच उमलतात. संवाद कोठे संपला आणि अभंग कोठे सुरू झाला, हे पुष्कळदा जाणवत नाही. ध्वनिमुद्रणाची ज्याला सर्वांगीण जाण आहे अशा दिग्दर्शकालाच हे साधणे शक्य होते. त्याचप्रमाणे देहूतील घरे, अंगणे व घाट हे फत्तेलालांच्या नजरेतून उतरलेले असल्यामुळे नेपथ्य वाटत नाहीत.

चमत्कारांच्या हाताळणीत दामल्यांचा पिंड स्पष्ट दिसतो. वह्यांचे वर येणे, विठ्ठलाचे प्रकटणे, गरुडाच्या आकाराच्या विमानातून तुकारामांचे वैकुंठगमन ही दृश्ये दुहेरी चित्रण, प्रतिकृती इ. युक्त्यांनी घडविलेली आहेत. परंतु ती दिपविण्यासाठी येत नाहीत. धान्य पाखडणे वा गुरे हाकणे ज्या नजरेने दाखविले आहे, त्याच नजरेने चमत्कारही दाखविला आहे. त्यामुळे श्रद्धाळूस तो खरा वाटतो, आणि जो श्रद्धाळू नाही त्यास निदान गावकऱ्यांची श्रद्धा खरी वाटते. कुमार शहानी व गीता कपूर यांसारख्या अभ्यासकांनी पुढील काळात या चित्रपटाचे सूक्ष्म विवेचन केले आहे.

१२ डिसेंबर १९३६ रोजी हा चित्रपट मुंबईच्या सेंट्रल सिनेमात प्रदर्शित झाला व तेथे सलग ५७ आठवडे चालला. एकाच चित्रपटगृहात वर्षाहून अधिक काळ चालण्याचा मान त्यापूर्वी कोणत्याही भारतीय चित्रपटास मिळालेला नव्हता. ग्रामीण प्रेक्षकांनी तर त्याकडे केवळ करमणूक म्हणून न पाहता कीर्तनासारखे पाहिले. १९३७ च्या व्हेनिस येथील आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवातही त्याचा गौरव झाला. केवळ मराठीत तयार झालेला, कोणताही मान्यवर चित्रनट नसलेला एक चित्रपट भाषा व देश यांच्या सीमा ओलांडून गेला, ही गोष्ट भारतीय चित्रपटाच्या इतिहासात महत्त्वाची ठरली.

उत्तरकाल : गोपालकृष्ण (१९३८) या बोलपटात दामले–फत्तेलाल यांनी प्रभातच्या पहिल्या मूकपटाचा विषय पुन्हा घेतला. राम मराठे यांनी कृष्णाची व शांता आपटे यांनी राधेची भूमिका केली. संगीत मास्टर कृष्णराव यांचे होते. गोकुळातील गोपजनांचा कंसाच्या जुलमी सत्तेशी झालेला संघर्ष त्यात प्राधान्याने येतो. स्वातंत्र्यचळवळीच्या त्या दिवसांत त्यातील आशय प्रेक्षकांस सहज उमगण्याजोगा होता.

संत ज्ञानेश्वर (१९४०) मराठी व हिंदी दोन्ही भाषांत निघाला. शाहू मोडक यांनी ज्ञानेश्वरांची भूमिका केली. संन्याशाची मुले म्हणून बहिष्कृत झालेल्या भावंडांची कथा त्यात हळुवारपणे येते. रेड्यामुखी वेद, चालती भिंत इ. चमत्कार येथे मोठ्या प्रमाणावर योजलेले असून तांत्रिक कौशल्याच्या दृष्टीने हा चित्रपट संत तुकारामच्या पुढे जातो. तथापि जिजाईसारखे संसाराची बाजू मांडणारे समर्थ पात्र नसल्यामुळे तो तितका खोल जात नाही. संत सखू (१९४१) मध्ये सासुरवास भोगणाऱ्या स्त्रीची भक्तिकथा आली. हंसा वाडकर यांची त्यात प्रमुख भूमिका असून दिग्दर्शनात दामले व फत्तेलाल यांच्याबरोबर राजा नेने यांचाही सहभाग होता. हा दामल्यांनी दिग्दर्शित केलेला अखेरचा चित्रपट ठरला.

याच काळात कंपनीच्या भागीदारीस तडे जाऊ लागले. धायबर पूर्वीच बाहेर पडले होते. कुंकू (१९३७), माणूस (१९३९) व शेजारी (१९४१) यांसारखे श्रेष्ठ सामाजिक चित्रपट दिल्यानंतर शांताराम यांनी १९४२ मध्ये प्रभात सोडली व मुंबईत राजकमल कलामंदिर ही संस्था काढली. समान अधिकाराच्या तत्त्वावर उभ्या राहिलेल्या संस्थेत एका दिग्दर्शकाची कीर्ती इतरांहून फार मोठी झाली म्हणजे जो ताण निर्माण होतो, तो या फुटीमागे होता, असे म्हणता येईल. त्यानंतरही रामशास्त्री (१९४४) सारखा दर्जेदार चित्रपट प्रभातने दिला. तो जुन्या शिस्तीचा पुरावा होय. परंतु ५ जुलै १९४५ रोजी पुणे येथे दामल्यांचे निधन झाले आणि कंपनीचा एक मुख्य आधार नाहीसा झाला. युद्धोत्तर काळात एकेका चित्रपटापुरते भांडवल गुंतविणारे निर्माते व भरमसाट मोबदला घेणारे नट यांचे युग सुरू झाले. मासिक वेतनावर चालणारी स्टुडिओ-व्यवस्था सर्वत्रच मोडकळीस आली आणि १९५० नंतर थोड्याच वर्षांत प्रभातचे चित्रपटनिर्मितीचे कार्य थांबले.

प्रभातच्या आवारात भारत सरकारने १९६० मध्ये चित्रपटविषयक शिक्षणसंस्था सुरू केली. तीच पुढे फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया या नावाने प्रसिद्ध झाली. दामल्यांनी ज्या विद्या अनुभवातून शिकून घेतल्या, त्याच छायालेखन, ध्वनिमुद्रण व दिग्दर्शन या विद्या त्यांच्याच वास्तूत रीतसर शिकविल्या जाऊ लागल्या. मात्र त्या पिढीच्या निर्मितीचा फार मोठा भाग कायमचा नष्ट झाला आहे. महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या मूकपटांपैकी अगदी थोडे अवशेष उरले. नायट्रेटची फीत अत्यंत ज्वालाग्राही असते व काळाच्या ओघात कुजते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात याच आवारातील साठवणगृहाला लागलेल्या आगीत नायट्रेट फितींचा मोठा साठा जळाला. त्यात प्रभातच्याही मूळ फिती होत्या. संत तुकारामसह प्रभातचे अनेक बोलपट पुढील प्रतींच्या रूपाने टिकून आहेत, ही त्यातल्या त्यात समाधानाची गोष्ट होय. रसायनशाळेत आयुष्याची उमेद घालविलेल्या तंत्रज्ञाचे कार्य अखेर फितीच्या रसायनावरच अवलंबून राहावे, यावरून चित्रपटकलेचे नाजूक स्वरूप ध्यानात येते.

मूल्यमापन : दामल्यांच्या नावावर दिग्दर्शक म्हणून मोजकेच चित्रपट आहेत आणि तेही सर्व इतरांच्या सहकार्याने केलेले. त्यामुळे त्यांतील नेमके त्यांचे काय, असा प्रश्न उपस्थित होतो. संत तुकारामचे श्रेय दामले, फत्तेलाल, वाशीकर, भोळे, पागनीस व गौरी यांच्यात वाटून देऊ लागल्यास प्रत्येकाचे माप वेगळे काढणे अशक्य होते. परंतु हा प्रश्नच मुळी प्रभातच्या कार्यपद्धतीला धरून नाही. त्या पद्धतीत चित्रपट ही एका व्यक्तीची अभिव्यक्ती नसून अनेक कुशल हातांनी मिळून सिद्ध केलेली वस्तू होती. दिग्दर्शकाचे काम हे हात एकमेकांच्या आड येऊ न देण्याचे होते. दामले या कामास सर्वार्थाने योग्य होते, कारण त्यांतील बहुतेक हातांचे काम त्यांनी स्वतः केलेले होते.

त्यांच्या दृष्टीला मर्यादाही होत्या. समकालीन समाजातील प्रश्नांना शांताराम जसे थेट भिडले, तसे दामले भिडले नाहीत. त्यांचा विषय बहुधा संत व पुराणे यांच्या कक्षेत राहिला. परंतु त्या कक्षेतही गरीब घरातील चूल, शेत, देऊळ आणि माणसांचे बोलणे त्यांनी इतक्या निष्ठेने टिपले, की संत तुकारामची गणना आज मराठी ग्रामजीवनाच्या विश्वसनीय चित्रणांत होते. मराठी चित्रपटाच्या इतिहासात पडद्यामागील कारागिराला मानाचे स्थान द्यावयाचे झाल्यास पहिल्या रांगेत दामल्यांचे नाव घ्यावे लागेल. पुण्यातील प्रभात रस्त्याच्या नावात त्यांच्या कंपनीची स्मृती टिकून आहे.